वाचनालाही बेवड लागतो



या पानावर आम्ही नेहमी लागण, बेणे, खत, पाणी आणि तोड यांविषयी लिहितो. या खेपेस विषय थोडा निराळा आहे. पुस्तके कोणती वाचावीत, आणि एकाच तऱ्हेची न वाचता निरनिराळ्या तऱ्हेची का वाचावीत, याबद्दल चार गोष्टी सांगाव्यात असे मनात आहे. "शेतकी खात्याला ही उठाठेव कुणी सांगितली?" असे कुणी म्हणेल. त्यावर आमचे म्हणणे असे की, ऊस रानात वाढतो. पण जात कोणती लावायची, कर्ज किती काढायचे, पोरीला किती शिकवायचे, वाटणी कशी करायची, हे सारे माणसाच्या डोक्यात ठरते. रानाची मशागत आपण जीव ओतून करतो. डोक्याची मशागत मात्र राहून जाते.

उसावर ऊस

एकाच रानात उसावर ऊस, त्याचा खोडवा, पुन्हा ऊस असे वर्षानुवर्षे चालले म्हणजे काय होते, हे आम्ही सांगायला नको. खत वाढते, पाणी वाढते आणि टनेज मात्र खाली येते. पाणी फार झाले तर रान चोपण होऊन बसते. मग त्याच रानात एक हंगाम हरभरा किंवा भुईमूग घेतला, ताग-धैंचा फुलोऱ्यात येताना गाडला, की पुढच्या उसाची फूटच वेगळी दिसते. जुनी माणसे म्हणतात, "बेवड चांगला पडला."

वाचनाचेही तसेच आहे. गटातून फिरताना वस्तीवर चहाला बसणे होते. घरात पुस्तक दिसले की ते हातात घेऊन पाहायची आम्हाला सवय आहे. त्यावरून आपल्या कार्यक्षेत्रात चार तऱ्हेचे वाचक दिसतात. पहिले वडीलधारे. त्यांची ज्ञानेश्वरी, गाथा आणि श्रावणातली पोथी चुकत नाही. दुसरे प्रयोगशील बागायतदार. शेतीची मासिके, पुस्तिका, २००५ साली सुरू झालेले 'ॲग्रोवन' दैनिक, एवढे त्यांना पुरते. तिसऱ्या आमच्या भगिनी आणि कॉलेजात जाणारी मुले. त्यांना कादंबरी प्रिय. चौथे स्पर्धा परीक्षेचे विद्यार्थी. ते परीक्षेपुरतेच पान उलटतात.

यांतला एकही वाचक चुकीचा नाही. अडचण आहे ती मधल्या बांधाची. पोथीवाला कादंबरीला नाक मुरडतो. शेतीवाला म्हणतो, "गोष्टी वाचून टनेज वाढतंय व्हय?" कादंबरीवाल्याला माहितीचे पुस्तक रुक्ष वाटते. जो तो आपल्याच वाफ्यात पाणी फिरवतो आणि शेजारचा वाफा कोरडा राहतो.

त्याचे नुकसान कसे होते पाहा. आमच्या एका गटातल्या गृहस्थांच्या खिशात एका औषधाच्या जाहिरातपत्रकाची घडी होती. एकरी एवढे टन, कांडी एवढी लांब, फोटोसकट छापलेले. उधारीवर त्यांनी ते औषध आणले. उसाला काही फरक पडला नाही, उधारी तेवढी राहिली. त्यांचे म्हणणे एकच, "छापलंय म्हंजे खोटं कसं आसंल, सायेब?" तऱ्हेतऱ्हेची पुस्तके वाचणाऱ्याला हे कोडे पडत नाही. एका पुस्तकात एक सांगितले, दुसऱ्यात त्याच्या उलट, तिसऱ्याने दोघांनाही खोडून काढले, हे त्याने पाहिलेले असते. छापील अक्षर पारखायची सवय त्याला लागलेली असते. मोबाइलने तर ही पारख अधिक गरजेची केली आहे. तिथे एक व्हिडिओ पाहिला की त्याच तऱ्हेचे दहा पुढे येतात, आणि माणसाला वाटते की सगळे जग हेच म्हणते आहे. पुस्तक मात्र आपण आपल्या हाताने कपाटातून काढतो. म्हणून निवड आपली राहते.

कार्व्हरची शिकवण

बेवडावरून एका पुस्तकाची आठवण झाल्याशिवाय राहत नाही. वीणा गवाणकर यांचे 'एक होता कार्व्हर' हे चरित्र १९८१ साली निघाले. जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर हा अमेरिकेत गुलाम आईच्या पोटी जन्मलेला काळा मुलगा. हालअपेष्टा सोसून तो शेतीशास्त्र शिकला आणि १८९६ साली अलाबामा राज्यातल्या टस्कीगीच्या शाळेत शिकवायला गेला. तिथल्या जमिनी कापसावर कापूस घेऊन निकस झाल्या होत्या. कार्व्हरने शेतकऱ्यांना भुईमूग, चवळी, रताळी घ्यायला लावली. शेतकरी शाळेपर्यंत येत नाहीत, तर शाळाच शेतावर नेऊ, म्हणून १९०६ साली अवजारे आणि नमुने भरलेली घोड्याची गाडी गावोगाव फिरू लागली. आज आम्ही मोटारसायकलवर पिशवी अडकवून तुमच्या बांधावर येतो, ते त्याच वाटेने.

हे पुस्तक कथा-कादंबरी नाही. तरी ते कादंबरीसारखे धरून ठेवते. जो म्हणतो, "खऱ्या गोष्टीची पुस्तकं कंटाळवाणी," त्याच्या हाती आम्ही आधी हेच देतो. आणि ज्याला फक्त शेतीचेच वाचायचे आहे, त्यालाही हेच देतो. कारण यात पिकांच्या फेरपालटाबरोबर अपमान, गरिबी आणि जिद्दही आहे. बांधाच्या दोन्ही अंगांना चालणारे असे पुस्तक सुरुवातीला चांगले.

प्रेमाच्या कादंबऱ्या वाचाव्यात का?

आता नाजूक विषयाकडे येतो. एका वस्तीवर नव्या सूनबाई ग्रंथालयातून आणलेली कादंबरी पिठाच्या डब्यामागे ठेवत. सासऱ्यांचे मत असे की, "असली पुस्तकं वाचून पोरीबाळी बिघडत्यात." आमच्याकडे पाहून ते म्हणाले, "सांगा सायेब तुमीच." आम्ही विचारले, "तात्या, आपण वाचलंय का त्यातलं एखादं?" तात्या हसले. वाचलेले नव्हते.

प्रेमकथेवरचा हा राग जुना आहे. चंद्रकांत काकोडकर यांची 'श्यामा' ही कथा १९६२ साली एका मासिकाच्या दिवाळी अंकात आली आणि ती अश्लील आहे म्हणून खटला झाला. प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. १९६९ साली न्यायालयाने ती अश्लील नसल्याचा निकाल देऊन लेखकाला मोकळे केले. देशाच्या सर्वांत वरच्या न्यायालयाने कथा वाचली आणि मग निकाल दिला. आपण निदान वाचून मत द्यावे, एवढे तरी यातून घ्यायला हरकत नाही.

प्रेमकथेतही हलके-भारी असतेच. बेणे निवडताना आपण डोळे तपासतो, तसे येथेही तपासावे. ना. सी. फडके यांच्या कादंबऱ्यांवर एका अख्ख्या पिढीने जीव टाकला. फडके आणि वि. स. खांडेकर यांचा 'कलेसाठी कला' की 'जीवनासाठी कला' हा वाद पुष्कळ गाजला. वाचकाने त्यात बाजू घ्यायचे कारण नाही; दोघांनाही वाचावे. खांडेकरांची 'ययाति' १९५९ सालची. खांडेकरांना १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला, मराठीला मिळालेला तो पहिलाच. या कादंबरीत एकाच संसाराची हकीगत ययाती सांगतो, देवयानी सांगते आणि शर्मिष्ठाही सांगते. तिघांचे ऐकले की घरातले भांडण एकाच्या तोंडून ऐकून निकाल देता येत नाही, हे आपोआप कळते. भावकीच्या बैठकीत बसणाऱ्या प्रत्येक पंचाने ती वाचावी असे आम्हाला वाटते. कॉलेजच्या मुलांना सुहास शिरवळकरांची 'दुनियादारी' अजून आवडते. योगिनी जोगळेकर, शैलजा राजे यांच्या कादंबऱ्यांनी घरातल्या बायकांना दुपारचा एक तास स्वतःचा असा मिळवून दिला. त्याला कमी लेखू नये.

यात आपल्या सर्वांच्या जिव्हाळ्याचा एक प्रश्न अडकला आहे. अनेक सभासद आम्हाला सांगतात, "पोरगा चांगला, बागायती चांगली, घर बांधलंय, पण शेतकरी म्हटलं की मुलगी द्यायला कुणी तयार न्हाई." ही चिंता खरी आहे आणि घरोघरी आहे. पण मुलीला काय हवे आहे, ती रानातल्या घराला का भिते, तिच्या मनात काय चालले आहे, हे आपण कुणाला विचारले? प्रत्यक्ष विचारायला संकोच वाटतो. तर निदान बाईने लिहिलेले पुस्तक वाचावे. रमाबाई रानडे यांचे 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' १९१० साली प्रसिद्ध झाले. नवऱ्याने शिकवायचे मनावर घेतले आणि घरातल्या बायकांनी त्यापायी रमाबाईंना किती छळले, ते त्यांनी स्वतः लिहून ठेवले आहे. लक्ष्मीबाई टिळकांचे 'स्मृतिचित्रे' १९३४ पासून भागाभागाने निघाले. शाळेत न गेलेली ही बाई नवऱ्याचा लहरी स्वभाव, त्याचे धर्मांतर, ताटातूट आणि पुन्हा एकत्र येणे हे सारे हसत-रडत सांगते. कुठल्याही प्रेमकथेपेक्षा ती कमी नाही, आणि शब्दन् शब्द जगलेली आहे. ज्या पुरुषाने बाईच्या हातचे एकही पुस्तक वाचले नाही, त्याने सुनेविषयी तक्रार करण्यापूर्वी एवढी दोन वाचावीत.

त्या वस्तीवरच्या सूनबाईंची कादंबरी पुढे डब्यामागून बाहेर आली. सासूबाईंना डोळ्यांनी कमी दिसते. दुपारच्याला सूनबाई मोठ्याने वाचतात, सासूबाई शेंगा फोडतात आणि तात्या पेपर पुढे धरून ऐकतात. बिघडलेले कुणी आमच्या पाहण्यात नाही.

कादंबरी आणि इतिहास यांची जोडी लावा

ऐतिहासिक कादंबरी आपल्याकडे घरोघरी वाचतात. रणजित देसाईंची 'स्वामी', शिवाजी सावंतांची 'छावा', विश्वास पाटलांची 'पानिपत' ही नावे सांगायला नकोत. पण पुष्कळ वाचक कादंबरीतला संवाद हा इतिहास म्हणून सांगतात आणि पारावर हमरीतुमरीवर येतात. कादंबरीकाराला पात्राच्या तोंडी बोलणे घालावेच लागते. शनिवारवाड्यात रात्री नवरा-बायको काय बोलले, हे कुणी लिहून ठेवलेले नसते. तो त्याचा अधिकार आहे. पण तो इतिहासाचा पुरावा नव्हे.

म्हणून आम्ही जोडी लावायला सांगतो. १९८८ साली निघालेली विश्वास पाटलांची 'पानिपत' वाचून झाली की त्र्यं. शं. शेजवलकरांचे 'पानिपत : १७६१' हे इतिहासाचे पुस्तक घ्यावे. कादंबरी वाचताना १४ जानेवारी १७६१ च्या त्या दुपारी आपण रणात उभे असतो. इतिहास वाचताना धान्य का संपले, वाट कुणी अडवली, मदत का आली नाही, याचा हिशेब लागतो. एकट्या कादंबरीने नुसते रक्त तापते. एकट्या इतिहासाने सगळ्यांचेच मन लागत नाही. सरीत ऊस आणि वरंब्यावर हरभरा घेतला तर दोन्ही पदरात पडतात, तसे हे आंतरपीक आहे.

आपल्या पाण्याची हकीगत

दुसरी एक जोडी आपल्या अगदी जवळची आहे. आपल्यापैकी कित्येकांचा ऊस धरणाच्या पाण्यावर उभा आहे. पाळी दोन दिवस लांबली की आपण पाटबंधारे खात्याच्या नावाने ओरडतो, ते रास्तच आहे. पण धरणाच्या पाण्याखाली गावे गेली, देवळे गेली, काळी रानेही गेली. तिथली माणसे कुठे गेली, याचा विचार पाणी धरताना मनात येत नाही. विश्वास पाटलांची 'झाडाझडती' ही कादंबरी या धरणग्रस्तांची आहे. तिला १९९२ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. तिच्यानंतर राजेंद्र व्होरा यांचे 'मुळशी सत्याग्रह' हे अभ्यासाचे पुस्तक वाचावे. टाटांच्या वीज कंपनीच्या धरणाविरुद्ध मावळातल्या शेतकऱ्यांनी १९२१ साली सत्याग्रह केला, सेनापती बापट त्यात पुढे होते, त्याची ही साधार हकीगत आहे. ही दोन पुस्तके वाचणारा पाण्याचा एक थेंब वाया घालवताना थांबेल. ठिबकचा प्रचार आम्ही बैठका घेऊन करतो. तो या दोन पुस्तकांनीही होईल, असा आमचा विश्वास आहे.

तोडीचेही तसेच. दर हंगामाला दुरून टोळ्या येतात, फडाजवळ खोपी घालतात आणि हंगाम संपला की जातात. त्यांच्या पोरांची नावेदेखील आपल्याला ठाऊक नसतात. लक्ष्मण माने यांचे 'उपरा' हे आत्मकथन १९८० सालचे. ते ऊसतोडीचे नाही. गाढवावर बिऱ्हाड लादून गावोगाव फिरणाऱ्या कैकाडी कुटुंबातल्या मुलाचे आहे. पण गावाच्या वेशीबाहेर राहणाऱ्याला गाव कसे दिसते, ते त्यातून समजते. अण्णा भाऊ साठे यांची 'फकिरा', दया पवार यांचे 'बलुतं' ही त्याच रांगेतली पुस्तके. आपले गाव आपल्याला एका बाजूनेच दिसते. दुसरी बाजू त्यांनी दाखवली.

आणि स्वतःचे रूप पाहायचे असेल तर आनंद यादवांची 'गोतावळा' आहे. मालक ट्रॅक्टर आणतो आणि गोठ्यातली जनावरे एकेक करून जातात, ते गड्याच्या तोंडून ऐकावे. त्यांची 'झोंबी' वाचली की शाळेसाठी बापाशी झगडणारे पोर डोळ्यापुढून हलत नाही. सदानंद देशमुखांची 'बारोमास' शिकलेल्या पोराची आणि कोरडवाहू शेतीची गोष्ट सांगते. महात्मा फुल्यांचा 'शेतकऱ्याचा असूड' १८८३ सालचा. कादंबरी नव्हे, सडेतोड विचारांचे पुस्तक. माती-पाणी अडवण्यासाठी ताली-बंधारे बांधा, ही मागणी त्यात तेव्हाची आहे.

माहितीचे पुस्तक पारखून घ्या

माहितीचे पुस्तक म्हणजे सगळे खरेच, असे नाही. ते हातात घेताना चार प्रश्न विचारावेत.

पहिला, लिहिले कधी? को ७४० च्या काळातले ऊस लागवडीचे पुस्तक आज जसेच्या तसे चालणार नाही. त्यात तीन फुटी सरी सांगितलेली असते. आज आपण चार-पाच फुटी सरीवर आलो. को ८६०३२ ही जात खताला चांगला प्रतिसाद देते म्हणून तिला खताची मात्रा पंचवीस टक्के अधिक शिफारस केली आहे. जुन्या पुस्तकात हे कुठून असणार?

दुसरा, लिहिले कुणी, आणि त्याला विकायचे काय आहे? पुस्तक लिहिणाराच बाटली विकत असेल तर जरा थांबावे.

तिसरा, कुठल्या रानातले आहे? भारी काळ्या रानातला अनुभव मुरमाड माळाला लागू पडेलच असे नाही. एकरी टनेज सांगितले असेल तर जमीन, पाणी, लागणीची तारीख आणि खर्चही सांगितला आहे का, ते पाहावे.

चौथा, स्वतः करून पाहायची वाट दाखवतो का? कोल्हापूरचे श्री. अ. दाभोळकर हे गणिताचे शिक्षक. त्यांचे 'विपुलाच सृष्टी' आम्हाला आवडते ते यासाठीच. पान, मुळी आणि ऊन यांचा हिशेब शेतकऱ्याने स्वतः मांडावा, चार गुंठ्यात करून पाहावे आणि एकमेकांना सांगावे, असा त्यांचा आग्रह. पाडेगावच्या ऊस संशोधन केंद्राच्या आणि मांजरीच्या वसंतदादा शुगर इन्स्टिट्यूटच्या पुस्तिकाही याच चार प्रश्नांवर घासून पाहाव्यात. आमच्या या पानालाही तोच नियम लावावा; आम्हाला राग येणार नाही.

वर्षाचे नियोजन

"वेळ कुठंय?" हा प्रश्न आम्हाला ठाऊक आहे. म्हणून हंगामाप्रमाणे नियोजन सांगतो.

आषाढ-श्रावणात पाऊस लागून राहतो, रानात जाता येत नाही. ही अडसालीची वेळ. जाडजूड पुस्तक तेव्हा घ्यावे. घरात पोथी चालू असेल तर ती चालू द्यावी. सकाळी पोथी, रात्री कादंबरी, एकाने दुसऱ्याला बाध येत नाही.

बॉयलर अग्निप्रदीपनाच्या सुमारास १५ ऑक्टोबरला डॉ. अब्दुल कलाम यांच्या जन्मदिनी आपल्या राज्यात वाचन प्रेरणा दिन पाळतात. पाठोपाठ दिवाळी अंक येतात. का. र. मित्र यांनी १९०९ साली 'मनोरंजन'चा दिवाळी अंक काढला, तेव्हापासूनची ही परंपरा. एकाच अंकात कथा, कविता, प्रवास, चरित्र, व्यंगचित्रे असे सगळे मिळते. ज्याला आपली आवड कोणती तेच माहीत नाही, त्याने दिवाळी अंकापासून सुरुवात करावी. नव्या रानात आपण आधी माती तपासतो, त्यातलाच प्रकार.

गळीत हंगामात पातळ पुस्तक खिशात ठेवावे. काट्यावर गाड्यांची रांग लागली की तास-दोन तास सहज जातात. तेव्हा व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' दोन-चार खेपांत संपते. उन्हाळ्यात पोरांना सुट्टी असते. मारुती चितमपल्लींचे 'रानवाटा' किंवा जयंत नारळीकरांच्या विज्ञानकथा पोरांच्या निमित्ताने आणाव्यात आणि मोठ्यांनीही वाचाव्यात.

आणि खोडवा विसरू नये. चांगल्या पुस्तकाचा खोडवा अवश्य ठेवावा. विसाव्या वर्षी वाचलेली 'श्यामची आई' चाळिसाव्या वर्षी पुन्हा काढली तर अगदी वेगळी लागते. तेव्हा आपण श्याम असतो, आता आई-बापाच्या जागी असतो. या खोडव्याला खर्च काहीच नाही.

एक नियम मात्र पाळावा. एका तऱ्हेची लागोपाठ दोन पुस्तके झाली की तिसरे दुसऱ्या तऱ्हेचे घ्यावे. आणि वीस-पंचवीस पानांत मन लागले नाही तर ते पुस्तक खुशाल परत करावे. उगवण झाली नाही तर आपण नांग्या भरतोच की. पुस्तक अर्धे सोडणे हे पाप नव्हे.

पुस्तके मिळतात कुठे?

विकत घेतलीच पाहिजेत असे नाही. ग्रंथालयाचा कायदा करण्यात आपला मुलूख देशात पुढे होता. करवीर संस्थानाने १९४५ सालीच तो केला. महाराष्ट्राचा कायदा १९६७ चा. त्याखाली गावोगावच्या ग्रंथालयांना अ, ब, क, ड अशा वर्गानुसार अनुदान मिळते. आपल्या कार्यक्षेत्रात अशी ग्रंथालये आहेत, पण काहींच्या कपाटाची किल्ली कुणाकडे आहे तेही सभासदांना माहीत नाही. वाचक आले नाहीत की ग्रंथालय नावापुरते उरते आणि एक दिवस बंद पडते. बंद पडलेली विहीर पुन्हा उपसणे किती जड जाते, ते आपण जाणता.

वाईला तयार झालेला मराठी विश्वकोश आता मोबाइलवर फुकट वाचता येतो. ऊस, साखर, जमीन अशा नोंदी त्यात आहेतच. शेतीच्या नोंदीपासून सुरुवात करून माणूस तारे, समुद्र, संगीत असा कुठेही निघून जातो.

आणि महाबळेश्वर-पाचगणीकडे सहल निघाली तर भिलारला थांबावे. स्ट्रॉबेरी पिकवणारे हे गाव २०१७ च्या मे महिन्यात पुस्तकांचे गाव झाले. घराघरांतून पुस्तके मांडली आहेत. एका घरी कादंबऱ्या, दुसऱ्या घरी चरित्रे, तिसऱ्या घरी इतिहास, पुढे बालसाहित्य, कविता. ओसरीवर बसून फुकट वाचावे. एका घरातून उठून दुसऱ्या घरात जावे, म्हणजे आपोआपच फेरपालट होते. पिकवणाऱ्या माणसांच्या गावात हे घडले, याचा आम्हाला विशेष आनंद वाटतो. तिथे जे झाले ते आपल्याकडे एका गल्लीपुरते तरी का होऊ नये? चार घरांनी आपापल्या तऱ्हेची पंचवीस-पंचवीस पुस्तके मांडली तरी गावाला शंभर झाली.

विनंती

सभासद बंधू-भगिनींनी तीन गोष्टी कराव्यात. आपल्या गावच्या ग्रंथालयाचे वर्गणीदार व्हावे आणि तिथल्या सूचनावहीत हवी ती पुस्तके लिहावीत. मागणी असल्याशिवाय पुस्तक येत नाही. घरातल्या सुना-मुलींनी काय वाचावे हे ठरवण्याआधी आपण त्यातले एक वाचावे. आणि पुढच्या गट बैठकीत लागणीची नोंद देताना गेल्या वर्षात वाचलेल्या एका पुस्तकाचे नावही आमच्या शेतकी मदतनिसाला सांगावे. कोणत्या गटात काय वाचतात याची यादी करून ती आम्ही याच पानावर छापू. एका गटाला दुसऱ्याच्या बेण्याचा उपयोग होतो, तसा पुस्तकांचाही होईल.

यादीत पोथी असो, प्रेमकथा असो, चरित्र असो की ठिबकची पुस्तिका असो. फक्त साऱ्या गटाची यादी एकाच तऱ्हेची नसावी, एवढे पाहावे.

— ऊस विकास अधिकारी, शेतकी विभाग